वाघ्या बिस्किटापेक्षा लुनाच्या आवाजालाच जास्त कामून नाचतो? डोपामिनचा प्रश्न हाय

सोयाबीन_औसा

राम राम मंडळी. प्रश्न जरा येडाबागडा वाटंल पण पंधरा दिवस झाले डोक्यात घोळायलाय म्हणून विचारतोच. आमच्या शेतात वाघ्या हाय, गावरान कुत्रं, दीड वर्षाचं. आण्णा रोज गावातून येताना त्याच्यासाठी पाच रुपयाचा बिस्कीटपुडा आणतेत. नवं नवं होतं तवा पुड्याचा कागद फाटला की असं नाचायचं की बघायलाच नको, आण्णांचं धोतर ओढायचं, लोळायचं, तोंडातलं बिस्कीट खाली पडलं तरी भान नसायचं. आता काय झालंय, आण्णांची लुना वढ्याच्या पलीकडं असती, आम्हाला आवाज पण येत नाही, आन् हे इकडं नाचाय लागतंय. पण बिस्कीट समोर टाकलं की गपगुमान खातंय आन् जाऊन कडब्याच्या गंजीपाशी पडतंय, जसं काही त्याच्या हक्काचंच होतं.

मधी एक दिवस दुकान बंद होतं, पुडा आणला नाही. वाघ्यानं पिशवी हुंगली, परत हुंगली, आण्णांच्या तोंडाकडं बघितलं आन् शेपूट घालून जे गेलं ते रात्री भाकर टाकली तरी आलं नाही. भाकर तर रोजचीच हाय की. आन् उलट, मागच्या महिन्यात दाजी काही न सांगता कार घेऊन आले, येताना मटणाची हाडं आणली, एकदाच, तर आता रस्त्यानं कुठलीबी पांढरी गाडी दिसली की हे बांधापर्यंत पळत जातंय.

हे बारक्या भावाला सांगितलं, तो लातूरला नीटच्या क्लासला हाय. तो म्हणाला हे सगळं डोपामिन हाय, डोपामिन म्हणजे आनंदाचं केमिकल, आन् तो स्वतः सध्या डोपामिन डिटॉक्स करायलाय म्हणं, मोबाइल पत्र्याच्या पेटीत आन् चावी रूम पार्टनरकडं. ठीक हाय. पण माझं म्हणणं, आनंदाचं केमिकल असंल तर ते बिस्कीट खाल्ल्यावर सुटायला पाहिजे ना? लुनाच्या आवाजात काय गोड हाय?

खरं सांगायचं तर प्रश्न नुसता कुत्र्याचा नाही. परवा मोंढ्यात, बाजार समितीत, सोयाबीन घातलं, क्विंटलला ४४५० चा भाव लागला. मागच्या साली ह्याच्यापेक्षा कमी लागला होता तरी आण्णा येताना भजी घेऊन आले होते. ह्यावेळी विक्रीची पट्टी खिशात घालून गप बसले, कारण आदल्या रात्री ग्रुपवर कुणीतरी ४७०० फुटला म्हणून टाकलं होतं. पैसे जास्त आले आन् तोंड उतरलं. वाघ्यानं हुंगलेली पिशवी आन् आण्णांची पट्टी मला एकच वाटायली. येडा झालोय का मी?

मोंढ्यातला_बबन

येडा नाही झालास भौ, फक्त आण्णांना कुत्र्याच्या लायनीत बसवलंस तेवढं त्यांना सांगू नको. मॉइश्चर किती लागलं?

सोयाबीन_औसा

बारा. विषय बदलू नका.

परभणीकर_पुण्यात

दादा, तुम्ही शेतात बसून जे बघितलंय ते बघायला एका माणसाला माकडांच्या मेंदूत बारीक तार घालून कित्येक वर्षं बसावं लागलं. मी परभणीची, सध्या पुण्यात मेंदूवरच पीएचडी करतेय, त्यामुळं लांबलचक लिहिणार आहे, चहा घेऊन बसा.

वोल्फ्राम शुल्ट्झ नावाचे संशोधक, तेव्हा स्वित्झर्लंडमधल्या फ्रिबुर्ग विद्यापीठात होते, पुढं केंब्रिजला गेले. त्यांना खरं तर कंपवाताचं कोडं सोडवायचं होतं. कंपवातात मेंदूच्या तळाशी डोपामिन बनवणाऱ्या पेशी मरत जातात आणि माणसाची हालचाल अडते, म्हणून ह्या पेशी हालचालीच्या वेळी बोलत असणार असं धरून ते माकडाच्या एकेका पेशीकडं कान लावून होते. हात हलवला तर पेशी फारशा बोलेनात, पण तोंडात ज्यूसचा घोट पडला की टकटकटक, म्हणजे विजेचे ठोके भराभर. इथवर तुमच्या भावाचं बरोबर वाटतं.

पण ज्यूसच्या आधी दरवेळी एक दिवा लावायला सुरुवात केली आणि सगळं फिरलं. दिवा, थोडा वेळ, मग ज्यूस, असं पुन्हा पुन्हा. माकड शिकलं, आणि आता पेशी दिव्यालाच पेटायला लागल्या. ज्यूसला? काही नाही, आपली नेहमीची संथ टक, टक. ज्यूस तोच, गोडी तीच, माकड पितंयही आवडीनं, पण पेशींना त्यात बातमी राहिली नाही. मग एकदा दिवा लावून ज्यूस दिलाच नाही, तर ज्या क्षणी ज्यूस यायचा त्याच क्षणी पेशी गप्प झाल्या, नेहमीची टकटकसुद्धा थांबली. म्हणजे काहीच घडलं नाही आणि त्या न घडण्याची नोंद झाली, तीही अगदी वेळेवर. मी ह्या विषयात पडले ती हा आलेख बघून, अजूनही बघितला की अंगावर काटा येतो. तुमच्या वाघ्यानं पिशवी हुंगली तो हाच क्षण.

तर ह्या पेशी 'मिळालं किती' हे सांगत नाहीत, 'वाटलं होतं त्यापेक्षा किती जास्त किंवा कमी' हे सांगतात. ह्याचा हिशोब रेस्कोर्ला आणि वॅग्नर ह्या दोघांनी १९७२ सालीच मांडून ठेवला होता, मेंदूत तार न घालता. वाघ्यावर करून बघू. समजा बिस्किटाची किंमत १०. पहिल्या दिवशी वाघ्याची अपेक्षा शून्य, म्हणजे धक्का १० चा. धक्क्यातला थोडा भाग, समजा तीस टक्के, अपेक्षेत जमा होतो, अपेक्षा झाली ३. दुसऱ्या दिवशी धक्का ७, अपेक्षा ५.१. तिसऱ्या दिवशी धक्का ४.९. असं करत दहा दिवसांनी अपेक्षा ९.७ वर जाते आणि धक्का उरतो चिमूटभर, म्हणून गपगुमान खाऊन कडब्यापाशी. आणि ज्या दिवशी पुडा नाही त्या दिवशी धक्का उणे ९.७. रात्रीच्या भाकरीची चव काही बदलली नव्हती. आकडे मी उदाहरणाला घेतलेत, पण हिशोबाची चाल खरी.

ह्यात एक गोष्ट कमी होती, ती म्हणजे वेळ. धक्का बिस्किटावरनं उठून आधीच्या आवाजावर कसा जाऊन बसतो? ते मशीनला शिकवायच्या नादात रिचर्ड सटन आणि अँड्र्यू बार्टो ह्यांनी सोडवलं, कॉम्प्युटरसाठी, माकडाचा काही संबंध नाही. मग पीटर डायन आणि रीड माँटेग्यू ह्यांना दिसलं की शुल्ट्झच्या माकडातल्या पेशी नेमकं तेच गणित करतायत. तिघांचा मिळून १९९७ साली सायन्स ह्या नियतकालिकात लेख आला, आमच्या विषयात तो अजून रोज कुणीतरी वाचतं. सटन आणि बार्टो ह्यांना २०२४ चा ट्युरिंग पुरस्कार, कॉम्प्युटर शास्त्रातला सगळ्यात मोठा, मिळाला ते ह्याच धर्तीच्या कामासाठी.

आण्णांचं म्हणाल तर ग्रुपवरचा मेसेज हा दिवा, पट्टी हा ज्यूस. रात्रीच ४७०० चं सगळं सुख येऊन गेलं, सकाळी नुसता उणे २५० शिल्लक. पण आण्णांच्या डोक्यात तार घातलेली नाही, तेव्हा ही माझी तुलना समजा, पुरावा नाही.

मोंढ्यातला_बबन

म्हणजे मेंदू वायदेबाजार करतो की ओ ताई! माल यायच्या आधीच भाव खाऊन मोकळा. सेबीनं सोयाबीनचे वायदे २०२१ च्या डिसेंबरात बंद केले पण डोक्यातले कोण बंद करणार. आता मला सांगा, आवाजावर सरकलं ते अजून मागं कामून सरकत नाही? आण्णा रोज सहाला येतेत तर वाघ्यानं पाचलाच नाचायला पाहिजे, नाहीतर सकाळी उठल्या उठल्याच.

परभणीकर_पुण्यात

बबनभाऊ, हा प्रश्न परीक्षेत विचारण्यासारखा आहे. धक्का सगळ्यात आधीच्या अशा खुणेवर जाऊन बसतो जी स्वतः आधी सांगून येत नाही. आण्णा कधी साडेपाचला येणार, कधी सातला, मोंढ्यात अडकले तर आठला. म्हणून लुनाचा आवाज हीच पहिली खात्रीची बातमी. आण्णा घड्याळ लावून सहालाच येत असते तर आवाजातली बातमी पण कमी झाली असती. कुत्र्यांना वेळ बरीच कळते, कुणाच्या घरी शाळेची रिक्षा यायच्या वेळेला कुत्रं फाटकात जाऊन बसतं ते बघितलं असेल.

गुरुजी_गेवराई

मी झेडपी शाळेवर आहे, चौथी-पाचवीला शिकवतो. हे वाचून दोन वर्षापूर्वीचं आठवलं. गृहपाठ केला की वहीवर चांदणी द्यायला सुरू केली, पहिल्या आठवड्यात पोरं मधल्या सुट्टीत पण वह्या घेऊन माझ्या मागं. दिवाळीपर्यंत कुणी चांदणीकडं बघेना, पण एके दिवशी चांदण्यांची पाकिटं संपली आणि नुसती सही केली तर वर्गात रडारड. मला वाटलं पोरं लाडावली. आता कळलं ते बिस्कीटपुड्यागतच होतं. आमच्याकडं निम्मी लेकरं ऊसतोडीला आईबापासंगं जातेत आणि मार्चनंतर परत येतेत, त्यांना मात्र चांदणी परत नवी वाटायची, हे तेव्हा ध्यानात आलं नव्हतं.

ताई, दोन शंका. एक, ह्या पेशी पेटतेत म्हणून शिकणं होतं, का शिकणं झालं म्हणून पेटतेत? आणि दोन, मग मी चांदण्या कधी द्यायच्या कधी नाही असं केलं तर जमेल का, मोबाइलमधल्या गेमवाले करतेत तसं?

परभणीकर_पुण्यात

गुरुजी, पहिली शंका खूप दिवस अडलेली होती. त्याचं उत्तर कळायला आधी लिओन कामिन ह्यांचं १९६० च्या दशकातलं काम बघावं लागतं. उंदराला एका आवाजावरनं पुढं काय होणार ते शिकवलं, मग त्याच आवाजाबरोबर दिवा पण लावायला लागले. दिवा कितीही वेळा लावा, उंदीर दिव्याबद्दल काही शिकत नाही, कारण आवाजानं सगळं सांगून झालंय, धक्का उरलाच नाही. नुसतं दोन गोष्टी एकत्र घडल्या म्हणून शिकणं होत नाही. आता २०१३ मध्ये अमेरिकेत काही संशोधकांनी काय केलं, उंदरांच्या डोपामिन पेशी प्रकाशानं चालू करता येतील अशी सोय केली आणि जिथं शिकणं अडायचं नेमक्या तिथं, साखरपाणी मिळताना, त्या पेशी मुद्दाम पेटवल्या. उंदीर दुसरी खूण पण शिकले. खरा धक्का नव्हता, खोटा धक्का दिला आणि शिकणं झालं. म्हणजे पेशी नुसती बातमी वाचत नाहीत, धडा गिरवून पण घेतात.

दुसऱ्या शंकेला जरा घाबरत उत्तर देतेय. शुल्ट्झच्याच गटानं २००३ साली बघितलं, ज्यूस मिळायची शक्यता शून्य, पाव, निम्मी, पाऊण आणि पूर्ण अशी ठेवून. दिवा लागल्यापासून ज्यूसची वेळ होईपर्यंत पेशींची टकटक हळूहळू चढत जायची, आणि ती सगळ्यात जास्त निम्म्याला चढायची, जिथं होईल का नाही काहीच सांगता येत नाही. जुगाराची नशा तिथंच असावी असं बऱ्याच जणांना वाटतं, ह्या चढाचा अर्थ काय ह्यावर मात्र वाद आहेत. स्किनर ह्यांनी तर त्याच्या कितीतरी आधी कबुतरांवर दाखवलं होतं की अधूनमधून, नेम नसताना दाणा दिला तर कबूतर चोच मारायचं थांबतच नाही. पण गुरुजी, कबुतराला शेजारच्या कबुतराला दाणा मिळाला ह्याचं दुःख होत नसावं. पाचवीच्या वर्गात चिठ्ठ्या काढून चांदण्या वाटल्या तर अन्याय झाला म्हणून घरी आईला सांगतील. मी असते तर चांदणी तीच ठेवून कशासाठी द्यायची ते बदलत राहिले असते.

आणि सगळं डोपामिन म्हणजे हेच असं पण समजू नका. ह्याच पेशी हालचालीला लागतात, काही पेशी नुसत्या नव्या गोष्टीला पेटतात, काही त्रासदायक गोष्टीला, आणि हा सगळा हिशोब वेगळ्याच पद्धतीनं चालतो म्हणणारेही लोक आहेत. आमच्या जर्नल क्लबात ह्यावरनं भांडणं होतात, समोसे गार होईपर्यंत.

सिस्टर_नांदेड

मी नर्स आहे, थोडं घरातलं सांगते. आमच्या चुलत्यांना कंपवात, वय ६३. एका गोळीचं नाव प्रामिपेक्सोल. ती चालू होऊन काही महिने झाले आन् ज्या माणसानं जन्मात पत्त्याला हात लावला नाही तो मोबाइलवर रात्रभर रमी खेळायला लागला. चाळीस हजार गेल्यावर घरात कळलं. सगळे म्हणायले म्हातारपणी चळ लागला, चुलती तर तोंड दाखवायला तयार नव्हती. तपासणाऱ्या डॉक्टरांनी गोळी देताना ह्याबद्दल एक शब्द सांगितला नव्हता. माहितीपत्रकात मात्र लिहिलेलं असतं, जुगार, खरेदी, खाणं ह्यावरचा ताबा जाऊ शकतो म्हणून. दुसऱ्या डॉक्टरांनी हळूहळू डोस कमी केला, नाद गेला. कुणाच्या घरी असं असंल तर गोळी स्वतःच्या मनानं एकदम बंद करू नका, माणूस आखडून पडतो, पण डॉक्टरांना लाज न बाळगता सांगा.

आता वर वाचलं ते पेशी गप्प होण्याचं, तर माझ्या डोक्यात आलं, गोळी सतत डोपामिनचं काम करत असंल तर हरल्याचं ते गप्प होणं चुलत्यांना कळतच नसंल का?

दुसरं म्हणजे आमच्याकडं बरेच जण कंपवाताला खाजकुइलीची पावडर देतेत. ते खरं का?

परभणीकर_पुण्यात

सिस्टर, तुम्ही जे विचारलंत तेच मायकेल फ्रँक ह्यांनी २००४ साली तपासलं. कंपवाताचे पेशंट गोळ्या घेतलेल्या असताना जिंकण्यातनं चांगलं शिकत होते, आणि गोळ्या घेतलेल्या नसताना हरण्यातनं. तुमच्या चुलत्यांचं नेमकं काय झालं ते मी सांगू शकत नाही पण 'हरलं तरी डोक्यात शिरत नव्हतं' हे चित्र त्याच्याशी जुळतं. चुलतीला हे वाचून दाखवा, चळ नव्हता तो.

खाजकुइलीचं खरं आहे, तिच्या बियांत एल-डोपा असतं, दामोदरन आणि रामस्वामी ह्यांनी १९३७ सालीच ते बियांतनं वेगळं काढलं होतं. आम्ही शाळेत तीच बाकावर टाकायचो, तेव्हा काय माहीत. डोपामिन रक्तातनं मेंदूत शिरत नाही, एल-डोपा शिरतं आणि आत जाऊन त्याचं डोपामिन होतं, कंपवाताची मुख्य गोळी तीच. पण पावडरीत किती आहे ते चमच्याचमच्याला बदलतं, आणि गोळीच्या जोडीला घेतली तर डोस दुप्पट व्हायचा, म्हणून डॉक्टरांना न सांगता नको.

ह्यातच सोयाबीनदादांच्या भावाचं पण उत्तर आहे. स्वीडनच्या आर्विड कार्लसन ह्यांनी १९५० च्या दशकाच्या शेवटी सशांना रेसर्पिन दिलं, ते आपल्या सर्पगंधेतनं निघतं, त्यानं मेंदूतलं डोपामिन रिकामं होतं. ससे कान पाडून, डोळे मिटून दगडासारखे बसले. मग एल-डोपा टोचलं, थोड्या वेळात उड्या मारायला लागले. कार्लसन ह्यांना २००० साली नोबेल मिळालं. तर खरं डिटॉक्स म्हणजे तो ससा, त्याला सांगा. मोबाइल पेटीत ठेवला ते उत्तमच केलं, नाव तेवढं चुकीचं आहे. आणि आनंदाचं केमिकल हे पण तितकंसं खरं नाही. केंट बेरिज ह्यांनी डोपामिन जवळजवळ संपवलेल्या उंदरांच्या तोंडात साखरपाणी सोडलं तर ते आवडीनं मिशा चाटत होते, गोड लागत होतं. पण समोर ठेवलेल्या खाण्याकडं स्वतःहून जात नव्हते, भरवलं नाही तर उपाशी मरतील असे. आवडणं वेगळं, ओढ वेगळी.

सोयाबीन_औसा

ताई, बारक्याला सशाचं वाचून दाखवलं, तो म्हणाला मी ससा नाही, पण पेटीवरची डिटॉक्सची चिठ्ठी काढून टाकली त्यानं.

आम्ही इकडं एक प्रयोग केला, दहा दिवस. आण्णांना सांगितलं, निघताना नाणं उडवायचं, छापा आला तरच पुडा. पहिले तीन दिवस वाघ्या पार गोंधळलं, एकदा तर लुनाच्या सीटवरच पाय टाकून डिक्कीत तोंड घातलं. आता वढ्यापर्यंत जाऊन उभं राहतंय आन् पुडा निघाला की परत पहिल्यागत नाचायलंय. आण्णा खूश, बिस्किटाचा खर्च निम्म्यावर आला म्हणतेत.

परभणीकर_पुण्यात

दादा मस्त! पण एकच कुत्रं, दहाच दिवस, आणि बघणारे तुम्हीच ज्यांना उत्तर आधीच माहीत होतं. शिवाय डोपामिन कुणी मोजलेलं नाही.

सोयाबीन_औसा

मोजायला काय लागतं?

परभणीकर_पुण्यात

डोक्याला बारीक भोक पाडून केसाइतकी तार आत सोडावी लागते. माणसाचं एमआरआयमध्ये बघतात पण त्यात रक्तपुरवठा दिसतो, डोपामिन सरळ दिसत नाही.

सोयाबीन_औसा

मग राहू द्या. आत्ताच लुना आली, आज काटा पडला वाटतं, वाघ्या पिशवी हुंगायलाय.